एकशे सतराचा बिल्ला

रेकॉर्डवाल्या बाई दहाला येणार होत्या आणि वहिनी सहापासून ओटा घासत होती. तिसऱ्यांदा घासायला लागली तेव्हा सुनेने तिच्या हातातून घासणीच काढून घेतली.

"आई, त्या तुमचं बोलणं टेपवर घ्यायला येतायत. ओट्याचं नाही."

या घरात वहिनीला आई म्हणणारं माणूस एकच, ते म्हणजे ही सून. बाकी सगळ्या जगाची ती वहिनी. दीर वहिनी म्हणायचा, नणंद वहिनी म्हणायची, ते ऐकून ऐकून पोटचा मुलगाही वहिनीच म्हणायला शिकला आणि त्याच्या मागोमाग दूधवाला, पोस्टमन, समोरचा इस्त्रीवाला. सत्त्याहत्तर वर्षांची बाई, पण गल्लीतलं शेंबडं पोरही 'वहिनी, चेंडू द्या' म्हणून दार वाजवतं. आज मात्र सुनेच्या तोंडचं 'आई' ऐकून तिला उगीच भरून आलं. ते दिसू नये म्हणून ती खाली वाकून डब्यांमध्ये काहीतरी शोधायला लागली.

"आणि एक लक्षात ठेवा," सून म्हणाली. ती कोर्टात टायपिस्ट. साक्षीदारांची तोंडं बघण्यात तिची बावीस वर्षं गेली होती. "जे डोळ्यांनी बघितलं तेच सांगायचं. दुसऱ्याकडून ऐकलेलं त्यात मिसळायचं नाही. माणसं फसतात ती तिथेच."

"मी काय आरोपी आहे?"

"मी साक्षीदार म्हटलं, आई."

आरोपी हा शब्द वहिनीच्या तोंडून आपोआप निघाला होता.

दोरखंडाच्या कारखान्याला आग लागली त्याला एक्कावन्न वर्षं झाली. नऊ माणसं गेली. कारखाना पुन्हा उभा राहिला नाही, जागा नुसती पडून होती. आता तिथे बाग होणार, जुनी एक भिंत राखणार, भिंतीवर नऊ नावं कोरणार आणि बाजूला भाऊजींची वेगळी पाटी लावणार असं ठरलं होतं. भाऊजी म्हणजे वहिनीचे धाकटे दीर, त्या वेळचे कारखान्यातले फिटर. पाटीचा मजकूर बागेसाठी जुन्या कामगारांच्या आठवणी टेप करणाऱ्या रेकॉर्डवाल्या बाई गेल्याच आठवड्यात दाखवून गेल्या होत्या : 'बहिणीच्या शोधात आगीत परत शिरलेल्या आणि त्यात पाय गमावलेल्या फिटरच्या धैर्यास.' भाऊजींनी डोळ्याला भिंग लावून तो वाचला आणि अवाक्षर न काढता पुन्हा कुणाच्या तरी मनगटी घड्याळात डोकं घातलं. पाय गेल्यावर ते घड्याळं दुरुस्त करायला शिकले होते. घरच्यांना वाटलं, विनय. वहिनीला मात्र त्या दिवसापासून धड झोप नव्हती.

तेवढ्यात वन्सं आल्या, त्याही मागच्या दाराने. म्हणजे काहीतरी बिनसलं होतं. पुढच्या दाराने येतात तेव्हा गल्लीच्या तोंडापासून त्यांचा आवाज ऐकू येतो. नणंद सत्तरीची झाली तरी जिभेला काही वय झालं नव्हतं. सून पुढच्या खोलीत खुर्च्या मांडायला गेल्याचं बघून त्यांनी वहिनीचं मनगट धरलं.

"तू त्या बाईला बिल्ल्याचं सांगणार नाहीयेस."

"मी अजून काही ठरवलेलं नाही, वन्सं."

"एक्कावन्न वर्षं मूग गिळून बसलीस आणि आता कंठ फुटलाय होय गं तुला?"

"घरात गप्प बसणं वेगळं. आता दगडात कोरतायत. दगडावर खोटं लिहू द्यायचं?"

"खोटं काय आहे त्यात? दादा आत गेला, खरं. पाय गेला, खरं."

"आणि तुम्ही आत नव्हताच, ते?"

वन्सं मटकन स्टुलावर बसल्या.

कारखान्याची रीत अशी होती. फाटकापाशी एक मोठी फळी, तिला खिळे, प्रत्येक खिळ्याला नंबर. कामावर येताना ज्याने त्याने आपला पितळी बिल्ला आपल्या खिळ्याला लावायचा, जाताना काढून न्यायचा. कोण आत आहे ते फळीवरून कळायचं. दुसऱ्याचा बिल्ला लावताना कुणी सापडलं तर दोघांनाही कायमचं घरी बसवत. त्या दिवशी एकोणीस वर्षांच्या वन्संनी सकाळी सकाळी केस धुतले आणि ते काही वाळेनात. ओल्या केसांनी पिंजण खात्यात गेलं की वाखाच्या धाग्यांची सगळी कुसळं डोक्यात अडकायची. "वहिनी, माझा लाव ना, मी अर्ध्या तासात येते," म्हणून त्यांनी आपला बिल्ला वहिनीच्या हातात कोंबला आणि वहिनीने एकशे सोळाच्या खिळ्याला स्वतःचा लावला, एकशे सतराला त्यांचा. मागाहून दोघींनी मिळून घरादाराला सांगितलं, की वन्सं बिल्ला लावून विसरलेला डबा आणायला परत घरी गेल्या होत्या. त्या थापेने दोघींना अशी गाठ मारली, की तेव्हापासून त्यांचं कधी पटलं नाही आणि कधी तुटलंही नाही.

"त्याला कळलं ना, तर तो आपल्या दोघींचं तोंड बघणार नाही," वन्सं म्हणाल्या. "तुझं काय, तुझा मुलगा आहे, सून आहे. मला त्या एका भावाशिवाय कोण आहे गं?"

त्या खरोखरच रडायला लागल्या. वहिनीने त्यांच्या पाठीवरून हात फिरवला, पण हो म्हटलं नाही आणि नाहीही म्हटलं नाही. तिला स्वतःलाच त्या भीतीने घेरलेलं होतं. एक्कावन्न वर्षं पहिलं ताट भाऊजींचं वाढलं गेलं. उन्हाची खिडकी असलेली खोली त्यांची. त्यांच्या लाकडी पायाचा पट्टा तुटला तर ती स्वतः चांभाराकडे धावायची. नवरा होता तोवर थट्टेने म्हणायचा, "या घरात मी पाहुणा आहे, मालक तो." भाऊजींनी लग्न केलं नाही, तेही तिने स्वतःच्याच खात्यावर घेतलं होतं. आज एक वाक्य बोलायचं आणि हे सगळं उघडं पडू द्यायचं, म्हणजे घरातल्या त्या एका माणसाच्या नजरेतून कायमचं उतरायचं.

दहाच्या ठोक्याला बाई आल्या. ठोका म्हणजे सतरा ठोके, कारण पुढच्या खोलीत सतरा घड्याळं होती आणि भाऊजींनी ती सगळी चालू ठेवलेली. बाईंनी टेबलावर छोटंसं मशीन ठेवलं, कानाला यंत्र लावून ऐकलं आणि बिचाऱ्या ओशाळून म्हणाल्या, "काका, टिकटिक फार येतेय हो."

भाऊजींनी तक्रार केली नाही. भिंतीवरची उतरवली, टेबलावरची गोळा केली, सगळी एका जाड रजईत गुंडाळून गाठोडं कोपऱ्यात ठेवलं. खोली एकदम इतकी शांत झाली, की वहिनीला स्वतःचा श्वास ऐकू यायला लागला. तिच्या समोर भाऊजी, शेजारी वन्सं आणि दाराच्या चौकटीला टेकून सून.

"सुरुवातीपासून सांगा," बाई म्हणाल्या. "तुम्ही काय काम करायचात, तिथून."

"मी पिंजण खात्यात," वहिनी म्हणाली. "वाख विंचरायचा. मशीनला लोखंडी दाते असतात, त्यातून काढायचा. धूळ इतकी, की समोरची बाई धड दिसायची नाही. आम्ही सगळे अनवाणी. बुटाला खिळे असतात ना, फरशीला घासून ठिणगी उडाली तर? म्हणून पायातलं सगळं आतल्या दाराशी मांडणीवर ठेवायचं. मालक, मुकादम, कुणीही असो, अनवाणी. भाऊजीसुद्धा."

भाऊजी मान खाली घालून बसले होते.

"मग कुठलंसं बेअरिंग तापलं म्हणतात. ते मी बघितलं नाही." तिने सुनेकडे पाहिलं. सुनेने मान डोलावली. "मी बघितलं ते एवढंच, की छताला एक पिवळी रेघ पळत गेली. धूळच पेटली हो. आवाज नाही, काही नाही. आणि मग एकदम काळोख. दार कुठे, भिंत कुठे, काही कळेना. आणि मग..."

मशीनवरचा बारीक लाल दिवा तेवढा जळत होता.

"मग मी बाहेर आले," ती म्हणाली.

"आई, मध्ये काहीतरी सुटलं," सून हळूच म्हणाली. "काळोखातून बाहेर कशा आलात?"

"ते राहू दे. ते नंतर." वहिनीने दोन्ही हात गुडघ्यांवर घट्ट दाबले. "आधी दुसरं सांगते. नाहीतर ते राहूनच जाईल."

वन्संनी तिच्या कोपराला चिमटा काढला. चांगला जोरात काढला. वहिनी हललीसुद्धा नाही.

"आम्ही मैदानात येऊन पडलो. खोकून खोकून जीव चाललेला. हजेरीचा कारकून वही घेऊन आला आणि फळीवरचे नंबर पुकारायला लागला. एकशे पंधरा. हजर. एकशे सोळा. ती मी, हजर म्हटलं. एकशे सतरा. कुणी बोलेना. पुन्हा म्हणाला, एकशे सतरा. ती आत नव्हती. ती कारखान्यात आलेलीच नव्हती. तिचा बिल्ला मी लावला होता, माझ्या हाताने. मला फक्त म्हणायचं होतं, ती घरी आहे हो. पण म्हटलं असतं तर दोघींची नोकरी जात होती. लोक आत जळत होते आणि मी नोकरीचा विचार करत होते. तो तिसऱ्यांदा पुकारायला लागला आणि तेवढ्यात कुणीतरी ओरडलं, फिटर आत गेला, बहीण आत आहे त्याची!"

वहिनीने पहिल्यांदाच मान वर करून दिराकडे पाहिलं.

"भाऊजी, तुमचा पाय माझ्यामुळे गेला. तेव्हा तोंड उघडलं असतं तर तुम्ही गेला नसतात. ती पाटी लावायचीच असेल तर त्यावर हेही लिहा."

"तिचा एकटीचा दोष नाही!" वन्सं ताडकन उभ्या राहिल्या. चिमटा काढणाऱ्या त्याच. "मी सांगितलं होतं तिला लावायला. मी! डबाबिबा काही नव्हता दादा, मी केस वाळवत बसले होते. बोलायचं असेल ते मला बोल, तिला एक शब्द बोलायचा नाही. सांगून ठेवते."

भाऊजींनी डोळ्यावरचं भिंग काढलं, पुसलं, पुन्हा लावलं, पुन्हा काढलं. शेवटी सूनच बोलली, अगदी कोर्टातल्या आवाजात.

"आई, काका आत शिरताना तुम्ही बघितलंत?"

"म्हणजे काय? तो ओरडला ना..."

"बघितलं की ऐकलं?"

वहिनीने विचार केला. एक्कावन्न वर्षांत तिला हे कुणी विचारलं नव्हतं आणि तिने स्वतःलाही विचारलं नव्हतं.

"ऐकलं," ती म्हणाली.

"काका?"

"मी बुटांसाठी गेलो होतो," भाऊजी म्हणाले.

"कशासाठी?" वन्संनी विचारलं.

"बूट गं. तपकिरी, चामड्याचे. आदल्या दिवशीच घेतलेले. दाराजवळच्या मांडणीवर होते, दहा पावलं आत. आम्ही बाहेर आलो, कारकून वही आणायला कचेरीत पळाला, तेवढ्यात मी सटकलो. म्हटलं जातो आणि येतो. तो नंबर पुकारत होता तेव्हा मी बूट छातीशी धरून पडलेल्या तुळईखाली होतो, वहिनी. एकशे सतरा काय आणि एक काय, मला काहीच ऐकू आलेलं नाही."

"बुटांसाठी?" वहिनी म्हणाली.

"संध्याकाळी पॅकिंगमधल्या एकीला भेटायचं होतं. ती माझ्या फाटक्या चपलांना हसली होती." ते कानापर्यंत लाल झाले, पंचाहत्तर वर्षांचा माणूस. "दवाखान्यात शुद्ध आली तर उशाशी गर्दी. जो तो म्हणतोय, शाब्बास रे पठ्ठ्या, बहिणीसाठी जिवावर उदार झालास. मी झोपलो तेव्हा गाढव होतो आणि उठलो तर शूरवीर! कुठल्या तोंडाने सांगू, की बुटांसाठी गेलो आणि पायच देऊन आलो म्हणून? आज सांगू, उद्या सांगू म्हणत राहिलो. आणि तुम्ही रोज पहिलं ताट मला वाढत होतात. घास घशाखाली उतरायचा नाही कधी कधी."

ते उठले, काठी टेकत आपल्या खोलीत गेले. पेटी उघडल्याचा आवाज आला. परत आले तेव्हा हातात कापडाची एक पिशवी होती. वहिनीने ती पेटी दर वर्षी झाडली होती, पण दुसऱ्याची पिशवी उघडायची नाही म्हणून आत काय ते कधी पाहिलं नव्हतं. भाऊजींनी पिशवीतून डावा बूट काढून टेबलावर ठेवला. एकच. चामडं सुकून कडक झालेलं, पण तळवा कोरा. एक पाऊलही चाललेला नव्हता तो.

"उजवा झिजवला," ते म्हणाले. "याचं काय करणार?"

वहिनी त्या बुटाकडे बघत राहिली. तिला वाटलं आता रडू फुटणार, आणि फुटलं ते हसू.

"म्हणजे मी एक्कावन्न वर्षं या बुटाला वाढत होते?"

"तसंच म्हणायचं."

"आणि उन्हाची खोली?"

"ती मात्र मला आवडते हो, वहिनी. ती परत मागू नका."

ती हसत सुटली. डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं आणि ती हसत होती. खुर्चीवरून पडेल म्हणून सुनेने येऊन तिला धरलं, तर सूनही हसायला लागली. रेकॉर्डवाल्या बाईंना हसावं की गंभीर राहावं कळेना. वन्सं मात्र फुरंगटून उभ्या होत्या.

"म्हणजे तू माझ्यासाठी गेलाच नव्हतास? प्रत्येक लग्नात मी सांगत आले, माझा भाऊ असा, माझा भाऊ तसा! आता काय सांगू लोकांना? बूट?"

"चिमे, इकडे ये." भाऊजींनी बहिणीला लहानपणच्या नावाने हाक मारली. "मला बाहेर काढून गाडीत घालत होते ना, तेव्हा तू फाटकातून पळत येताना दिसलीस. केस ओले, मोकळे, पाठीवर सगळं पाणी. पायाचं मला काही कळतच नव्हतं. एवढंच मनात आलं, बरं झालं बाई हिला उशीर झाला." त्यांनी बहिणीचा हात धरला. "डबा आणायला गेलेल्या माणसाचे केस ओले कसे, हे काय मला कळत नव्हतं? पण मी तरी कुठल्या तोंडाने विचारणार?"

आता मात्र वन्सं भावाच्या खांद्यावर डोकं ठेवून मोकळेपणाने रडल्या, आणि रडता रडताच म्हणाल्या की लग्नात त्या जुनीच गोष्ट सांगणार, कुणाला काय करायचं ते करा.

"पॅकिंगवालीचं पुढे काय झालं?" सुनेने विचारलं.

"बसच्या कंडक्टरशी लग्न केलं. तिचं घड्याळ माझ्याकडेच येतं दुरुस्तीला." भाऊजींनी रजईच्या गाठोड्याकडे बोट केलं. "आत्ताही त्यातच आहे."

बाईंनी पाटीच्या मजकुराचा कागद पर्समधून काढला आणि प्रश्नार्थक चेहऱ्याने भाऊजींसमोर धरला. त्यांनी तो घेतला, नीट चार घड्या केल्या आणि बुटाच्या आत सारला.

"एवढी माझी पाटी," ते म्हणाले. मग वहिनीकडे वळले. "तुम्ही बसा. चहा मी करतो."

"तुम्ही?"

"बसा म्हटलं ना!"

ती बसली. आतून भांडी पडल्याचा आवाज आला तेव्हा तिचे पाय आपोआप उठायला निघाले, पण सुनेने खांद्यावर हात ठेवला. भाऊजी एका हातात काठी आणि दुसऱ्या हातात कप घेऊन आले, अर्धा चहा बशीत सांडलेला. साखर इतकी घातलेली, की चमचा उभा राहावा. वहिनीने तो बशीतलाही प्यायला. दिराच्या हातचा असा आयता चहा तिने उभ्या जन्मात घेतला नव्हता, आणि कुणाचं काही देणं लागत नाही असं वाटून बसण्याचीही ही पहिलीच वेळ होती. पाठ खुर्चीला टेकते म्हणजे काय, ते तिला आज कळत होतं.

कप खाली ठेवून ती म्हणाली, "ते मशीन चालू आहे का?"

"चालूच आहे," बाई म्हणाल्या.

"मघाशी सुटलं ते सांगते. माझ्या शेजारच्या मशीनवर एक होती. तिला सगळे शिट्टीवाली म्हणायचे. दिवसभर शिट्टी वाजवायची, बायका नावं ठेवायच्या, तरी वाजवायची. काळोख झाला ना, सगळ्या किंचाळायला लागल्या, एकमेकींवर पडायला लागल्या. आणि दाराच्या बाजूने शिट्टी आली. तीच ती, तिची नेहमीची. मला कळलं, ही दाराशी उभी राहून वाजवतेय. आम्ही तिच्या आवाजावर सरपटत गेलो. मी तिच्या पायाला हात लावून बाहेर पडले. माझ्यामागून आणखी बारा जणी आल्या. मग शिट्टी थांबली." वहिनीने डोळे मिटले. "तिची गोष्ट मी कुणालाही सांगितली नाही हो. त्या दिवसाबद्दल तोंड उघडलं की बिल्ल्यापाशी यावं लागेल, या भीतीने मी तिलासुद्धा गिळून बसले. नऊ नावांत तिचं नाव नुसतं एक नाव आहे. पाटी तिची लावा."

"काय वाजवायची ती?" बाईंनी विचारलं. "आठवतं?"

या घरात वहिनीने कधी शिट्टी वाजवलेली कुणी ऐकली नव्हती. तिने ओठांचा चंबू केला. पहिल्यांदा नुसती हवा गेली. दुसऱ्यांदाही हवाच. वन्संनी पुढे होऊन बशीच्या तळाशी उरलेल्या चहाचं बोट तिच्या ओठांना लावलं, आणि मग आली, बारीक, चिरकी, मध्येच तुटणारी. तीन सूर वर आणि दोन खाली. भाऊजी भिंतीला टेकून उभे होते. मैदानातून त्यांनीही ती ऐकली होती.

"शेवटचा लांब होता, वहिनी," ते म्हणाले.

तिने मोठा श्वास घेतला आणि शेवटचा सूर लांब धरला, जमेल तेवढा लांब.